गिबेलिन: आधी गाव, मग घराणं, मग पक्ष, मग आरोप

युरोपच्या मध्ययुगावरचं कुठलंही पाठ्यपुस्तक उघडलं, की एक ओळ हमखास भेटते: इटलीत दोन पक्ष होते, पोपच्या बाजूचे ते ग्वेल्फ आणि सम्राटाच्या, म्हणजे जर्मन राजांकडे असलेल्या पवित्र रोमन साम्राज्याच्या, बाजूचे ते गिबेलिन. परीक्षेपुरती ही ओळ पुरते. पण तिचं बोट धरून थोडं पुढे गेलं की वाचणारा अडखळतो. ग्वेल्फ घराण्यातून जो एकच सम्राट झाला, तो पोपशी भांडून धर्मबहिष्कृत झालेला दिसतो. मिलानमधल्या गिबेलिनांचा म्होरक्या पोपनंच नेमलेला आर्चबिशप निघतो. ग्वेल्फांचा बालेकिल्ला म्हणवणारं फ्लॉरेन्स 1375 ते 1378 अशी तीन वर्षं पोपशीच युद्ध करतं. आणि इटलीचा महाकवी दांते जन्मानं ग्वेल्फ, तरी पाचशे वर्षांनंतरचा एक मोठा कवी त्याला गिबेलिन म्हणतो.

मग या नावांना काही अर्थ होता की नाही? होता, पण तो दर दोन पिढ्यांनी बदलत होता. म्हणून ‘गिबेलिन म्हणजे कोण’ हा प्रश्न नुसता विचारून भागत नाही. कोणी, कोणाला, कुठे आणि कोणत्या साली गिबेलिन म्हटलं, हे विचारावं लागतं. तेवढं विचारलं की गुंता बऱ्यापैकी सुटतो. मी इथे मुख्यतः गिबेलिन हे एकच नाव धरून त्याच्या मागे मागे जाणार आहे. त्याचा जोडीदार ग्वेल्फ वाटेत भेटत राहीलच.

आधी उच्चार. रोमन लिपीतल्या स्पेलिंगमध्ये ‘जी’पुढे ‘एच’ असल्यामुळे मराठीत काहीजण घिबेलिन लिहितात. इटालियनमध्ये तो ‘एच’ स्वतः उच्चारला जात नाही. पुढच्या ‘ई’मुळे ‘ग’चा ‘ज’ होऊ नये, एवढ्यासाठी तो तिथे असतो. म्हणून गिबेलिन.

आता गाव. जर्मनीच्या नैऋत्येला श्टुटगार्ट शहराजवळ रेम्स नावाची नदी आहे, आणि तिच्या काठी वाइब्लिंगेन नावाचं गाव. जुन्या काळात हा मुलूख श्वाबिया म्हणून ओळखला जाई. तिथे गावांच्या नावांना ‘इंगेन’ हा शेवट फार दिसतो: ट्युबिंगेन, ग्योपिंगेन, सिगमारिंगेन. ‘इंग’ म्हणजे अमक्याची माणसं, अमक्याचं कूळ. कधीकाळी एखादा पुरुष आपल्या माणसांसह येऊन वसला आणि त्याच्या माणसांचं नाव गावाला चिकटलं, अशी ही घडण आहे. आपल्याकडे गावावरून माणूस ओळखला जातो, पुणेकर किंवा सातारकर. तिकडे माणसांवरून गाव ओळखलं गेलं. पुढे त्याच गावावरून पुन्हा माणसं ओळखली जाऊ लागली, आणि तिथून आपल्या नावाचा जन्म झाला. गिबेलिन या शब्दाचं मराठी करायचंच झालं तर ते सरळ ‘वाइब्लिंगेनकर’ असं होईल. नागपूरकर भोसले म्हटलं की जसं एक राजघराणं डोळ्यांपुढे येतं, तसं.

पण ‘वाइब्लिंगेन’चं ‘गिबेलिन’ कसं झालं? हे दोन शब्द शेजारी ठेवले तर एक दुसऱ्यापासून आला यावर विश्वास बसणं कठीण. इथे आपल्या रोजच्या वापरातले दोन शब्द मदतीला येतात. मिक्सर किंवा पंखा विकत घेताना आपण दुकानदाराला विचारतो, गॅरंटी आहे की वॉरंटी? हे दोन्ही शब्द मुळात एकच. मूळ जर्मानिक शब्द ‘व’नं सुरू होणारा. उत्तर फ्रान्सच्या बोलीत तो ‘व’ तसाच राहिला, पॅरिसच्या बाजूच्या फ्रेंचमध्ये त्याचा ‘ग’ झाला, आणि इंग्रजीनं दोन्ही रूपं उचलली. वॉर्ड आणि गार्ड ही जोडीही तशीच. जर्मानिक भाषांतला शब्दारंभीचा ‘व’ हा ओठ गोल करून काढलेला. लॅटिनमधून निघालेल्या भाषा बोलणाऱ्यांच्या तोंडी तो आवाज तेव्हा उरलेला नव्हता. ते त्याच्या आधी ‘ग’ लावून ‘ग्व’ म्हणत. विल्हेल्मचा ग्विल्हेल्मो होऊन पुढे गुल्येल्मो झाला. भांडण किंवा युद्ध या अर्थाच्या ‘वेरा’चं इटालियन-स्पॅनिशमध्ये ‘ग्वेरा’, गेर्रा झालं. गनिमी काव्याला आपण ‘गोरिला युद्ध’ म्हणतो, त्यातला ‘ग’ याच वाटेनं आला. त्याच नियमानं वेल्फचा ग्वेल्फो झाला. वाइब्लिंगचंही आधी ‘ग्वाइबेलिंग’सारखं काही झालं, मग मधला ‘व’ गळाला, शेवट इटालियन घडणीच्या ‘ईनो’त बसला आणि गिबेल्लीनो तयार झाला. हा नियम माहीत नसला तर अंदाजांना पूर येतो. मध्ययुगात तो आलाही होता, त्याकडे पुढे वळतो.

एका छोट्या गावाचं नाव सम्राटांच्या पक्षाला का मिळालं, ही या सगळ्यातली सगळ्यात अर्थपूर्ण गोष्ट आहे. वाइब्लिंगेन साधं खेडं नव्हतं. नवव्या शतकात तिथे कॅरोलिंगियन राजांचा वाडा होता. पुढे ते सालियन सम्राटांकडे आलं. 1024 ते 1125 अशी शंभर वर्षं जर्मनीवर राज्य करणारं हे घराणं. कॉनराड दुसरा आणि मग तिसरा, चौथा, पाचवा हेन्री असे तीन हेन्री. त्यांपैकी चौथ्या हेन्रीची मुलगी आग्नेस. तिची सोयरीक 1079 साली श्वाबियातल्या एका होतकरू सरदाराशी ठरली. त्याचं नाव फ्रेडरिक, आणि त्याच्या घराण्याचा किल्ला स्टाउफेन नावाच्या डोंगरावर. म्हणून हे घराणं स्टाउफर, किंवा होहेनस्टाउफेन. सासऱ्यानं जावयाला श्वाबियाची ड्यूकची गादीही दिली.

1125 साली पाचवा हेन्री निपुत्रिक वारला. त्याची घरची मालमत्ता बहिणीच्या, म्हणजे आग्नेसच्या मुलांकडे गेली. स्टाउफर घराणं तसं नवं होतं. त्यांच्या नावामागे सम्राटांची मालिका नव्हती. ती होती आईच्या बाजूनं. त्यामुळे स्टाउफरांना ‘वाइब्लिंगेनचे’ म्हणणं हा नुसता पत्ता नव्हता, तो वारसाहक्काचा दावा होता. आम्ही डोंगरावरचे नवे सरदार नाही, हेन्री सम्राटांच्या रक्ताचे आहोत, असं ते नाव सांगत होतं.

याला समकालीन साक्षीदारही आहे, आणि तोही घरातला. आग्नेसचा पहिला नवरा वारल्यावर तिनं ऑस्ट्रियाच्या लिओपोल्डशी लग्न केलं. त्या लग्नातला एक मुलगा ऑटो, फ्राइजिंगचा बिशप आणि त्या काळातला सर्वांत नावाजलेला इतिहासकार. 1158 साली मरण्यापूर्वी त्यानं आपला पुतण्या, सम्राट फ्रेडरिक बार्बारोसा, याच्या कारकिर्दीचा वृत्तान्त लिहिला. त्यात तो सांगतो की साम्राज्यात दोन नामांकित घराणी होती: एक वाइब्लिंगेनच्या हेन्रींचं, दुसरं आल्टडॉर्फच्या वेल्फांचं. पहिल्यात सम्राट निपजत, दुसऱ्यात मोठमोठे ड्यूक. वाइब्लिंगेन हे नाव त्यानं लॅटिनमध्ये लिहिताना सुरुवातीला ‘ग’ घातलेला आहे. म्हणजे शब्दाचा प्रवास त्याच्याच लेखणीत सुरू झालेला दिसतो.

वेल्फांबद्दलही थोडं सांगायला हवं. वेल्फ हे गावाचं नाव नाही, माणसाचं आहे. अर्थ कुत्र्याचं पिल्लू किंवा श्वापदाचा बच्चा. घराणं स्टाउफरांपेक्षा कितीतरी जुनं. 819 साली वेल्फ नावाच्या काउंटची मुलगी यूडिट शार्लमेनच्या मुलाची राणी झाली, तेव्हापासूनचं. आपल्या कुळाचं नाव ‘पिल्लू’ का, याचं स्पष्टीकरण घराण्यालाही द्यावंसं वाटत असावं. एक दंतकथा अशी की एका काउंटच्या बायकोला एकाच वेळी बारा मुलं झाली. घाबरून तिनं त्यातली अकरा बुडवायला दासीला दिली. वाटेत काउंट भेटला, टोपलीत काय म्हणून विचारलं, दासी म्हणाली पिल्लं. काउंटनं टोपली उघडून पाहिली आणि मुलं वाचवली. त्यांचं नाव पिल्लंच पडलं. कथा खरी धरायचं कारण नाही. नावाचं मूळ सापडलं नाही की माणसं गोष्ट रचतात, आणि ही गोष्ट मोठी जिवंत आहे.

1137 साली सम्राट लोथार वारला. त्याचा जावई वेल्फ घराण्यातला हेन्री, बव्हेरिया आणि सॅक्सनी दोन्हींचा ड्यूक. मुकुट आपल्यालाच मिळणार असं तो धरून चालला होता. पुढच्या वर्षी निवड झाली आग्नेसच्या मुलाची, तिसऱ्या कॉनराडची. पहिला स्टाउफर राजा. दोन्ही घराण्यांतलं हाडवैर इथून पेटलं. 1140 च्या डिसेंबरात वाइन्सबर्गच्या किल्ल्याजवळ कॉनराडनं सहाव्या वेल्फचा पराभव केला.

पक्षांची नावं याच लढाईत जन्मली, अशी प्रसिद्ध गोष्ट आहे. एका बाजूनं ‘हा वेल्फ!’ अशी आरोळी उठली, दुसऱ्या बाजूनं ‘हा वाइब्लिंग!’ अशी, आणि तेव्हापासून वगैरे. मला ही गोष्ट आवडते, पण तिच्यावर माझा भरवसा नाही. ती लिहून ठेवणारा इतिवृत्तकार पंधराव्या शतकातला आहे, लढाईनंतर तब्बल तीनेकशे वर्षांनी आलेला. तोवर इटलीत ही नावं शिळी झाली होती आणि त्यांना साजेशी जन्मकथा हवी होती.

वाइन्सबर्गची दुसरी एक गोष्ट मात्र लढाईच्या एका पिढीतच लिहिली गेली. किल्ला शरण आला तेव्हा कॉनराडनं बायकांना परवानगी दिली, खांद्यावर वाहून नेता येईल तेवढं घेऊन बाहेर पडा. बायका आपापल्या नवऱ्यांना पाठीवर घेऊन बाहेर पडल्या. राजाच्या भावानं हरकत घेतली, तेव्हा राजा म्हणाला की राजाचा शब्द बदलत नसतो. त्या किल्ल्याच्या अवशेषांना आजही ‘बायकांची निष्ठा’ या अर्थाचं नाव आहे. त्या जर्मन नावातला बायका या अर्थाचा ‘वाइबर’ आणि वाइब्लिंगेनचा ‘वाइब’ यांचा काही संबंध नाही, कानाला मात्र तसा भास होतो.

इथवर आपण जर्मनीत आहोत आणि लक्षात घेण्यासारखं म्हणजे इथे कोणी ‘गिबेलिन’ नाही. वेल्फ आहेत, स्टाउफर आहेत. भांडण जहागिरीचं आणि मुकुटाचं आहे. पोप विरुद्ध सम्राट असा त्याचा रंग नाही. बार्बारोसाची तर आईच वेल्फ घराण्यातली होती, आणि 1152 साली त्याला निवडलं गेलं याचं एक कारण तो दोन्ही घरांना सांधेल ही आशा हेच होतं.

नावं आल्प्स ओलांडून इटलीत गेली ती सम्राटांच्या पाठोपाठ. उत्तर इटलीची शहरं नावाला साम्राज्यात होती, पण स्वतःचा कारभार स्वतः पाहत होती. बार्बारोसा सहा वेळा फौज घेऊन तिथे उतरला. शहरांनी 1167 साली लोम्बार्ड संघ उभा केला आणि 1176 साली लेन्यानोला त्याला हरवलं. तेव्हाही हे पक्ष ग्वेल्फ-गिबेलिन म्हणवत नव्हते. पुढचा धागा 1198 सालचा. त्या वर्षी जर्मनीत एकाच वेळी दोन राजे निवडले गेले: स्टाउफर फिलिप आणि वेल्फ ऑटो. 1208 साली फिलिपचा बाम्बेर्गला खून झाला, 1209 साली ऑटोला पोप तिसऱ्या इनोसंटनं सम्राटपदाचा मुकुट घातला, आणि पुढच्याच वर्षी त्याच पोपनं त्याला धर्मबहिष्कृत केलं, कारण मुकुट डोक्यावर बसताच ऑटो दक्षिण इटली जिंकायला निघाला. सुरुवातीला सांगितलेला एकुलता एक वेल्फ सम्राट तो हाच. त्याला शह म्हणून पोपनं पुढे केला तो कोण? स्टाउफर घराण्यातला कोवळा मुलगा, दुसरा फ्रेडरिक. म्हणजे त्या घडीला पोपचा उमेदवार ‘वाइब्लिंगेनकर’ होता आणि शत्रू वेल्फ!

पुढे हाच फ्रेडरिक पोपांचा सर्वांत मोठा वैरी झाला. सिसिली त्याची, जर्मनी त्याची, मधल्या रोमला दोन्हीकडून चिमटा. 1227 आणि 1239 असा दोनदा बहिष्कार, 1245 साली लियोंच्या परिषदेत पदच्युतीचा ठराव. इटलीत या काळात प्रत्येकाला प्रश्न होता, तुम्ही फ्रेडरिकच्या बाजूचे की विरोधातले? आणि 1240 च्या दशकात, फ्लॉरेन्समध्ये, या दोन बाजूंना दोन तयार नावं चिकटली. फ्रेडरिकच्या बाजूचे गिबेलिन. विरोधक ग्वेल्फ, कारण स्टाउफरांचे जुने विरोधक वेल्फ होते. त्या ग्वेल्फांना जर्मनीतल्या वेल्फांशी काही देणंघेणं नव्हतं. पोपशी त्यांची मैत्री झाली ती ‘शत्रूचा शत्रू’ या हिशेबानं.

फ्लॉरेन्सचे लोक मात्र या फुटीचं मूळ एका मोडलेल्या लग्नात शोधत. बुओन्देलमोन्ते नावाच्या तरुण सरदाराच्या हातून मेजवानीत कोणी जखमी झालं. भांडण मिटावं म्हणून अमिदेई घराण्याची मुलगी त्याला ठरली. दोनाती घराण्यातल्या एका बाईनं त्याला आपली देखणी मुलगी दाखवली आणि तो फिरला. अमिदेईंनी जमून विचार केला, मारहाण करावी की नुसती अद्दल घडवावी? मोस्का नावाचा एकजण म्हणाला, केलेल्या गोष्टीचा निकाल लागतो, म्हणजे मारूनच टाका. 1216 च्या ईस्टरच्या सकाळी पोन्ते वेक्यो पुलाच्या तोंडाशी, मार्स देवाच्या जुन्या पुतळ्यापाशी, बुओन्देलमोन्तेला घोड्यावरून खेचून मारलं. शहर दोन तटांत विभागलं गेलं.

ही गोष्ट नीट वाचली तर काय घडलं ते उलगडतं. तट आधी पडले, नावं पंचवीसेक वर्षांनी आली. भाऊबंदकी गल्लीतली, पण तिला झेंडा मिळाला साम्राज्याचा. असंच दुसऱ्या शहरांतही झालं. बोलोन्यात जेरेमेई आणि लाम्बेर्तात्सी, जेनोवात राम्पीनी आणि मास्केराती, मिलानमध्ये देल्ला तोर्रे आणि व्हिस्कोन्ती. एकाचा शत्रू ग्वेल्फ झाला की दुसरा आपसूक गिबेलिन. 1262 साली पोपनं ऑत्तोने व्हिस्कोन्तीला मिलानचा आर्चबिशप नेमलं. शहर ताब्यात असलेल्या देल्ला तोर्रेंनी त्याला आत येऊ दिलं नाही. देल्ला तोर्रे ग्वेल्फ, म्हणून पोपचा माणूस गिबेलिनांचा नेता झाला आणि 1277 साली लढाई जिंकून शहरात शिरला. पाठ्यपुस्तकातली ओळ अशा ठिकाणी मोडून पडते.

1250 साली फ्रेडरिक वारला. 1260 साली मोन्तापेर्तीला सिएनाच्या आणि फ्लॉरेन्समधून हाकललेल्या गिबेलिनांनी ग्वेल्फ फ्लॉरेन्सचा धुव्वा उडवला. विजयी गटानं एम्पोलीला बैठक घेतली आणि फ्लॉरेन्स जमीनदोस्त करायचा प्रस्ताव आला. एकट्या फारिनाता देल्यी उबेर्तीनं त्याला विरोध केला आणि शहर वाचलं. सहा वर्षांत पारडं फिरलं. 1266 साली बेनेव्हेन्तोला फ्रेडरिकचा मुलगा मान्फ्रेड पडला. 1268 साली नातू कॉनराडिन, सोळा वर्षांचं पोर, नेपल्सच्या चौकात शिरच्छेद होऊन गेला. स्टाउफर वंश संपला. वाइब्लिंगेनचं नाव ज्यांच्यासाठी होतं, त्यांच्यातलं गादीवर कोणी उरलं नाही. तरीही पक्ष उरला, नाव उरलं, आणि पुढची दीडशे वर्षं त्या नावानं माणसं मरत राहिली. मला या सबंध इतिहासातली सगळ्यात जड गोष्ट हीच वाटते.

फ्लॉरेन्सनं फारिनाताच्या उपकाराची फेड अशी केली की त्याच्या उबेर्ती घराण्याचे वाडे पाडले आणि त्या जागेवर पुन्हा बांधकाम होऊ दिलं नाही. आज पर्यटक ज्या पियात्सा देल्ला सिन्योरीया चौकात उभे राहून फोटो काढतात, त्यातली बरीचशी मोकळी जागा ती. 1299 पासून उभ्या राहिलेल्या तिथल्या सरकारी वाड्याच्या भिंती काटकोनात नाहीत, याचं कारण जुना इतिवृत्तकार व्हिल्लानी असं देतो, की उबेर्तींच्या शापित जमिनीला पाया लागू नये. फारिनाताला मरणानंतर एकोणीस वर्षांनी, 1283 साली, पाखंडी ठरवलं गेलं.

दांतेनं त्याला आपल्या महाकाव्यात नरकात ठेवलं, पण केवढ्या रुबाबात. जळत्या थडग्यातून छाती काढून उभा, जणू त्याला नरकाचीच तुच्छता वाटते. समोर फ्लॉरेन्सचा माणूस दिसताच तो पहिला प्रश्न विचारतो, तुझे पूर्वज कोण? उत्तर ऐकून म्हणतो, ते माझे कट्टर शत्रू, मी त्यांना दोनदा हाकललं. दांते जागच्या जागी परतफेड करतो: माझे दोन्ही वेळा परत आले, तुमच्या लोकांना ती कला जमली नाही. ग्वेल्फ-गिबेलिन म्हणजे माणसांच्या मनात काय होतं, हे मला कुठल्याही व्याख्येपेक्षा या चार वाक्यांतून जास्त कळलं. आधी कूळ, मग नाव, मग हिशेब.

दांते स्वतः 1289 साली कम्पाल्दीनोच्या लढाईत ग्वेल्फ घोडदळात होता. गिबेलिन संपल्यावर फ्लॉरेन्सचे ग्वेल्फ आपसांत फुटले, पांढरे आणि काळे. दांते पांढरा. 1302 साली काळ्यांनी त्याला हद्दपार केलं, सापडला तर जिवंत जाळायची शिक्षा ठोठावली. वनवासात तो काही काळ जुन्या गिबेलिन हद्दपारांच्या जोडीनं राहिला, पुढे सम्राट सातव्या हेन्रीवर आशा लावून बसला, जगाला एका सम्राटाची गरज आहे असा ग्रंथ लिहिला. म्हणून 1807 साली कवी उगो फोस्कोलो त्याला ‘परागंदा गिबेलिन’ म्हणून गेला. दांतेचं स्वतःचं म्हणणं वेगळं होतं. सम्राटाच्या गरुडाला कोणी विरोध करतो, कोणी तो गरुड आपल्या टोळीच्या खिशात घालतो, दोघेही सारखेच दोषी, असं तो लिहितो. स्वतःसाठी त्यानं एकट्याचाच पक्ष राखला.

चौदाव्या शतकात पेरुजियाला शिकवणाऱ्या बार्तोलुस नावाच्या कायदेपंडितानं या नावांवर एक छोटा ग्रंथ लिहिला. बार्तोलुसची दृष्टी आजही थक्क करते. त्याचं म्हणणं असं की एकेकाळी ग्वेल्फ म्हणजे चर्चचा आणि गिबेलिन म्हणजे साम्राज्याचा, हे खरं. आता तसं नाही. आता ही शहराशहरांतल्या गटांची नावं आहेत. एखाद्या शहरात जुलमी सत्ताधारी ग्वेल्फ असेल तर तिथला सज्जन माणूस गिबेलिन होईल, आणि तोच माणूस दुसऱ्या शहरात ग्वेल्फ असू शकेल. 1357 साली वारलेल्या माणसानं हे लिहून ठेवलेलं असताना, आपण अजून ती एक ओळ घोकतो.

शब्दाच्या मुळाबद्दलचे अंदाजही याच शतकांत पिकले. व्हिल्लानी सांगतो की जर्मनीत दोन उमराव होते, समोरासमोर किल्ले बांधून लढणारे, एका किल्ल्याचं नाव ग्वेल्फ, दुसऱ्याचं गिबेलिन. गाव आणि घराणं यांची ही पुसट आठवण आहे, अगदीच चुकीची नाही. दुसरे म्हणत, ही दोन सैतानांची नावं. कोणी लॅटिन फोड करून एकाला श्रद्धेचा राखणदार आणि दुसऱ्याला युद्धाचा पुढारी ठरवलं. ‘ग’ आणि ‘व’चा नियम कोणालाच ठाऊक नव्हता. आपली मुलं ज्या नावावरून मरताहेत ते कुठून आलं, हे जाणून घ्यायची त्यांची तळमळ मात्र खरी होती.

सगळ्यात शेवटी या नावाचा आरोप झाला. 1267 नंतर फ्लॉरेन्समध्ये ‘पार्ते ग्वेल्फा’ नावाची संस्था बळावली. गिबेलिनांच्या जप्त मालमत्तेवर ती पोसली गेली. तिची इमारत अजून उभी आहे. चौदाव्या शतकाच्या मध्यावर शहरात खराखुरा गिबेलिन औषधालाही नव्हता, पण पार्तेला कोणालाही ‘तू गिबेलिन’ असं बजावता येत होतं, आणि 1358 च्या कायद्यानं तसं ठरलेल्या माणसाला सरकारी पद बंद होत होतं. साम्राज्य, स्टाउफर, वाइब्लिंगेन यांचा आता मागमूस नव्हता. गिबेलिन म्हणजे ज्याला सत्तेबाहेर ठेवायचं आहे तो. 1378 साली शहर पेटलं, त्यामागे या बजावण्यांचा राग हे एक मोठं कारण होतं.

याच अर्थाची एक गोष्ट पोप आठव्या बोनिफेसबद्दल सांगितली जाते. राखेच्या बुधवारी पोप भाविकांच्या कपाळाला राख लावून म्हणतो, माणसा, तू माती आहेस आणि मातीला मिळशील. जेनोवाचा आर्चबिशप पोर्केत्तो स्पिनोला गुडघे टेकून बसला होता. बोनिफेसनं राख त्याच्या डोळ्यांत फेकली आणि म्हणाला, लक्षात ठेव, तू गिबेलिन आहेस आणि गिबेलिनांबरोबरच मातीला मिळशील. प्रसंग घडला असेल-नसेल, पण लोकांनी तो शतकानुशतकं सांगितला, यावरून त्या शब्दाची धार कळते.

या पक्षांच्या खुणा आजही दाखवल्या जातात. फ्लॉरेन्सचं जुनं चिन्ह तांबड्यावर पांढरी लिली असं होतं. 1251 साली ग्वेल्फांनी रंग उलटे केले, पांढऱ्यावर तांबडी लिली. शहराचं चिन्ह आजही तेच आहे, म्हणजे एका पक्षाचा झेंडा सबंध शहराचा झाला. इटलीतले गाईड किल्ल्यांच्या चर्याही दाखवतात: चौकोनी असल्या तर ग्वेल्फ, पाकोळीच्या शेपटीसारख्या दुभंगलेल्या असल्या तर गिबेलिन. चर्यांवरून मालकाचा पक्ष ओळखण्याची घाई मात्र करू नये, पुष्कळशा चर्या नंतरच्या काळात पुन्हा बांधलेल्या आहेत.

जोडीदार नावाचं नशीब निराळं निघालं. वेल्फ घराणं टिकलं, हॅनोव्हरला गेलं, आणि 1714 साली त्यातला जॉर्ज इंग्लंडच्या गादीवर बसला. राणी व्हिक्टोरिया जन्मानं याच घराण्यातली. 1858 चा राणीचा जाहीरनामा जिच्या नावानं निघाला, 1887 साली बोरीबंदरच्या स्टेशनला जिचं नाव दिलं गेलं, ती व्हिक्टोरिया त्या ‘पिल्लां’च्या वंशातली. कॅनडातल्या ओंटारियोत 1827 साली वसवलेल्या शहराला राजघराण्याच्या मानार्थ ग्वेल्फ हे नाव मिळालं. तिथल्या विद्यापीठाचं नाव आपल्याकडच्या कृषी आणि पशुवैद्यक शाखेच्या विद्यार्थ्यांनी नक्की ऐकलं असेल.

गिबेलिन मात्र कुठल्या शहराला, कुठल्या राजवंशाला चिकटलं नाही. जर्मन इतिहासात सम्राटांच्या त्या घराण्याला आज स्टाउफर म्हणतात. इटलीतल्या पक्षाबद्दल लिहायचं झालं तर जर्मन लेखक इटालियनमधून परत आलेला ‘गिबेलीनेन’ हा शब्द वापरतात, ‘ग’नं सुरू होणारा. रेम्सच्या काठावरचं गाव अजून ‘व’नंच लिहिलं जातं. घरून निघालेला शब्द आठ-नऊशे वर्षांनी घरी आला तो परक्या उच्चारात, आणि कोणी ओळख करून दिल्याशिवाय तो आपल्याच गावाचा आहे हे तिथल्या माणसालाही कळत नाही.